एक पीएस प्लस, दोन घरं: कन्सोलचं सबस्क्रिप्शन वाटून घेताना काय, कुठे आणि कसं लावायचं

दोघांनी काँट्री काढून वर्षाचं पीएस प्लस (सोनीच्या प्लेस्टेशन कन्सोलवर ऑनलाइन खेळ आणि गेम देणारं सशुल्क सबस्क्रिप्शन) घ्यायचं आणि आपापल्या घरी खेळायचं, हा बेत ठरायला पाच मिनिटं लागतात. पहिल्याच शनिवारी तो फसतो. मित्राकडे सगळं व्यवस्थित चालू असतं आणि ज्याच्या नावावर सबस्क्रिप्शन आहे त्याच्याच घरात धाकट्या बहिणीच्या प्रोफाइलवर प्रत्येक गेमला कुलूप दिसतं. मग सेटिंग्ज उलटसुलट केल्या जातात आणि मित्राचंही बंद पडतं. यात कन्सोल बिघडलेला नसतो. सबस्क्रिप्शनचा फायदा कोणाला मिळतो आणि कोणत्या मशीनला मिळतो, हे आधी ठरवलेलं नसतं, एवढंच.

सोनी आणि मायक्रोसॉफ्ट या दोघांचीही पद्धत मुळात सारखी आहे. खात्याच्या मालकाला एक हक्क मिळतो: तो कोणत्याही कन्सोलवर स्वतःच्या खात्याने लॉगिन करून बसला आणि नेट चालू असलं, की त्याचे गेम त्याला खेळता येतात. दुसरा हक्क मशीनला मिळतो: मालकाने नेमलेल्या एका कन्सोलवर कोणीही आपापल्या खात्याने बसलं, तरी मालकाचे गेम आणि ऑनलाइन खेळ दोन्ही चालतात. पीएस५ वर या सोयीचं नाव ‘कन्सोल शेअरिंग अँड ऑफलाइन प्ले’, पीएस४ वर ‘प्रायमरी पीएस४’ आणि मायक्रोसॉफ्टच्या एक्सबॉक्सवर ‘होम एक्सबॉक्स’.

सगळा हिशोब यातूनच निघतो. मालक जिथे जाईल तिथे त्याचा हक्क त्याच्यासोबत जातो, म्हणून मशीनचा हक्क मालकाच्या कन्सोलवर ठेवला तर त्याला स्वतःला त्यातून फारसं काही मिळत नाही. तो हक्क दुसऱ्या माणसाच्या कन्सोलला दिला, की दोघं एकाच वेळी, अगदी एकच डिजिटल गेमसुद्धा, आपापल्या घरून खेळू शकतात.

आधी घरातली माणसं मोजा

तुमच्या कन्सोलवर तुम्ही एकटेच खेळत असाल, तर मशीनचा हक्क बाहेर द्यायला हरकत नाही. पण त्याच कन्सोलवर भाऊ, बायको किंवा मुलं स्वतःच्या प्रोफाइलने खेळत असतील तर देऊ नका. तो हक्क मित्राकडे गेला की तुमच्या घरातल्या इतरांचे गेम त्याच क्षणी बंद होतात. मग ते ‘दादाच्या आयडीवरून’ खेळायला लागतात, ट्रॉफी आणि सेव्ह (गेममध्ये साठवलेली प्रगती) एकमेकांत मिसळतात, आणि दादा दुसरीकडे कुठे लॉगिन करून बसला तर घरातला चालू खेळ बंद पडतो. एका खात्याने एका वेळी एकाच ठिकाणी खेळता येतं.

दुसरा प्रश्न नेटचा. ज्या कन्सोलला मशीनचा हक्क आहे तो नेट नसतानाही गेम उघडतो. मालकाला मात्र आपल्याच घरात, आपल्याच गेमसाठी, प्रत्येक वेळी नेटवरून परवान्याची खात्री करून घ्यावी लागते. एक कन्सोल पुण्यात चांगल्या फायबरवर आणि दुसरा गावी, जिथे पावसाळ्यात केबल तुटली की दोन दिवस कोणी फिरकत नाही, अशी वाटणी असेल तर हक्क गावच्या मशीनला द्या आणि मालक पुण्यात राहू द्या. ७ फेब्रुवारी २०२५ ला प्लेस्टेशन नेटवर्क जवळपास २४ तास बंद होतं. ज्यांनी मशीनचा हक्क दुसऱ्याला दिला होता, त्यांचे विकत घेतलेले डिजिटल गेमही त्या काळात अडकले. ही किंमत आधीच मान्य असेल तरच पुढे जा.

आणि खरंच सबस्क्रिप्शन लागतंय का, हेही पाहा. फोर्टनाइट, ईफुटबॉल, वॉरझोन यांसारखे फुकट गेम ऑनलाइन खेळायला प्लेस्टेशनवर पीएस प्लस लागत नाही. एक्सबॉक्सवरही एप्रिल २०२१ पासून अशा गेमना सबस्क्रिप्शनची अट नाही. मुलगा दिवसभर फोर्टनाइटच खेळत असेल तर पैसे वाचवा. जीटीए ऑनलाइन किंवा ईए स्पोर्ट्स एफसीच्या ऑनलाइन सामन्यांना मात्र पीएस प्लस लागतं.

पीएस५ वर लावायची पद्धत

खाली ‘मालक’ म्हणजे ज्याच्या नावावर सबस्क्रिप्शन आहे तो, आणि ‘जोडीदार’ म्हणजे ज्याच्या कन्सोलवर ते चालवायचं आहे तो.

१. मालकाने आपल्या कन्सोलवर सेटिंग्ज, युजर्स अँड अकाउंट्स, अदर, कन्सोल शेअरिंग अँड ऑफलाइन प्ले या मार्गाने जाऊन ही सोय बंद करावी. पहिल्यांदा लॉगिन केलेल्या पीएस५ वर ती आपोआप चालू असते, म्हणून ‘मी तर कधी लावलीच नव्हती’ असं धरून चालू नका.

२. मालकाने जोडीदाराच्या घरी जावं. कन्सोल सुरू केल्यावर युजर निवडायच्या पडद्यावर ‘ॲड युजर’ घ्यावं. लॉगिनच्या वेळी पडद्यावर क्यूआर कोड येतो. तो मालकाने आपल्या फोनने स्कॅन करून मंजुरी द्यावी. पासवर्ड ना टाइप करावा लागतो, ना कोणाला सांगावा लागतो.

३. मालकाच्या प्रोफाइलमध्ये असतानाच, वर दिलेल्या त्याच मार्गाने जोडीदाराच्या कन्सोलवर ही सोय चालू करावी.

४. आता मालकाच्याच प्रोफाइलमधून गेम लायब्ररी उघडून हवे ते गेम डाउनलोडला लावावेत. ही पायरी बरेच जण गाळतात. जोडीदार आपल्या खात्याने स्टोअरमध्ये गेला, तर त्याला एक्स्ट्राच्या कॅटलॉगमधल्या (एसेन्शियल, एक्स्ट्रा आणि डिलक्स या पीएस प्लसच्या चढत्या पातळ्या) गेमवर किंमत दिसते, कारण स्टोअर त्याच्या खात्याकडे पाहतं आणि त्या खात्यावर सबस्क्रिप्शन नाही. मालकाच्या बाजूने उतरवलेला गेम जोडीदाराच्या प्रोफाइलमध्ये मात्र नीट उघडतो.

५. डाउनलोड पूर्ण झाल्यावर जोडीदाराने आपल्या प्रोफाइलमध्ये यावं, गेम उघडून एक ऑनलाइन सामना सुरू होतोय का ते पाहावं. मालक समोर असतानाच हे तपासा. तो निघून गेल्यावर काही अडलं तर पुन्हा त्याचं लॉगिन लागतं.

मालकाचं प्रोफाइल त्या कन्सोलवरून काढून टाकू नका. नवा गेम उतरवायला ते लागतंच.

पीएस प्लससोबत दर महिन्याला मिळणाऱ्या मासिक गेमचा एक नियम लक्षात ठेवा. दर महिन्याच्या पहिल्या मंगळवारी नवे गेम येतात आणि जुने जातात. ते लायब्ररीत घ्यायचं काम फक्त मालकाच्या खात्यातूनच होतं. कन्सोल चालू करायची गरज नाही, फोनवरच्या पीएस ॲपमधूनही घेता येतात. आत्ता खेळायचे नसले तरी घेऊन ठेवा, कारण महिना उलटला की तो गेम सबस्क्रिप्शनमधून मिळत नाही.

काय वाटलं जातं, काय नाही

ऑनलाइन मल्टिप्लेअर, मासिक गेम, एक्स्ट्राचा कॅटलॉग, डिलक्सचे जुने क्लासिक गेम आणि मालकाने विकत घेतलेले डिजिटल गेम हे सगळं जोडीदाराला मिळतं. मोठं डीएलसी, म्हणजे नवा नकाशा किंवा कथेचा पुढचा भाग, बहुधा मिळतं. गेममधली नाणी आणि पॉइंट्स मात्र ज्याने विकत घेतले त्याच्याच खात्यात जातात, ते वाटता येत नाहीत. स्टोअरमधली सदस्यांची सवलतही मालकापुरतीच.

खरा धोका सेव्हचा आहे. क्लाउड सेव्ह फक्त सबस्क्रिप्शन असलेल्या खात्याला मिळतं: पीएस५ गेमसाठी १०० जीबी आणि पीएस४ गेमसाठी वेगळे १०० जीबी. जोडीदाराला ते मिळत नाही. त्यात पीएस५ गेमचा सेव्ह सुटा असा पेन ड्राइव्हवर काढता येत नाही, ती सोय फक्त पीएस४ गेमच्या सेव्हना आहे. म्हणजे जोडीदाराने ८० तास खेळून कमावलेलं सगळं त्याच्या एका मशीनच्या पोटात आहे. मशीन दुरुस्तीला देताना किंवा फॅक्टरी रिसेट करताना ते जातं. अशी वेळ येणार असेल तर जोडीदाराने एका महिन्याचं साधं एसेन्शियल स्वतःच्या नावावर घ्यावं, सगळे सेव्ह क्लाउडवर चढवावेत आणि मगच कन्सोल द्यावा. नवा पीएस५ घेतला असेल तर दोन्ही मशीन एकाच नेटवर्कवर ठेवून डेटा ट्रान्सफर करता येतो, पण त्यासाठी जुनं मशीन चालू स्थितीत लागतं.

मालकाने आपलं खातं कसं सांभाळावं

आपलं प्रोफाइल दुसऱ्याच्या दिवाणखान्यात कायमचं राहणार आहे. तिथे भाचे येतात, शेजारची मुलं येतात. म्हणून त्याच भेटीत चार गोष्टी उरका. सेटिंग्ज, युजर्स अँड अकाउंट्समध्ये लॉगिन सेटिंग्जखाली चार अंकी पासकोड लावा, म्हणजे तुमचं प्रोफाइल कोणी सहज उघडणार नाही. पेमेंटच्या सेटिंगमध्ये खरेदीच्या वेळी पासवर्ड मागायची सोय चालू करा. खात्यावर कार्ड जोडलेलं असेल तर काढा आणि लागेल तेव्हा वॉलेटमध्ये नेमकी रक्कम भरा. टू-स्टेप व्हेरिफिकेशन किंवा पासकी चालू करा आणि बॅकअप कोड कागदावर लिहून घरी ठेवा.

सोनीने ही सोय घरातल्या माणसांसाठी दिली आहे, आणि खात्याचा पासवर्ड दुसऱ्याच्या हाती देणं त्यांच्या अटींत बसत नाही. म्हणून वाटणी करायचीच तर सख्ख्या-चुलत भावंडांत किंवा रोजच्या उठण्याबसण्यातल्या मित्रापुरती ठेवा. तुमच्या आयडीवरून कोणी चीट केलं किंवा शिवीगाळ केली, तर बंदी तुमच्या खात्यावर येते आणि वर्षानुवर्षं घेतलेले गेम त्यासोबत अडकतात. टेलिग्रामवर आणि जाहिरातींच्या साइटवर ‘प्रायमरी’ आणि ‘सेकंडरी’ खाती निम्म्या किमतीत विकली जातात. तिकडे अजिबात वळू नका. विकणाऱ्याकडे खात्याचा मूळ ईमेल असतो, तो कधीही पासवर्ड बदलतो, आणि तक्रार करायला तुमच्याकडे साधं बिलही नसतं.

पैशांचं बोलणं आधीच उरकून घ्या. सबस्क्रिप्शनची मुदत संपायची तारीख दोघांच्या फोनच्या कॅलेंडरमध्ये टाका. ऑटो-रिन्यू चालू असेल, तर रिझर्व्ह बँकेच्या नियमाप्रमाणे बँकेकडून किमान २४ तास आधी कळवलं जातं. तो मेसेज मालकालाच येतो आणि जोडीदाराचा वाटा मागायची आठवण नंतर राहत नाही. आमच्या मते दोघांत वाटलेलं सबस्क्रिप्शन असेल तर ऑटो-रिन्यू बंद ठेवून दरवर्षी नव्याने ठरवणंच बरं. कोणती पातळी घ्यायची हेही सुरुवातीलाच ठरवा, कारण मधूनच एसेन्शियलवरून एक्स्ट्रावर गेलात तर उरलेल्या सगळ्या महिन्यांचा फरक एकरकमी भरावा लागतो.

कुलूप दिसलं तर

गेमच्या चित्रावर कुलूप आलं की पहिल्यांदा मुदत पाहा. सबस्क्रिप्शन संपलं असेल तर मासिक आणि कॅटलॉगचे गेम दोन्ही घरी एकदम बंद होतात. सेव्ह जात नाहीत. पुन्हा पैसे भरले की आधी घेतलेले मासिक गेम उघडतात. मुदत शिल्लक असूनही एकच गेम बंद असेल, तर तो कॅटलॉगमधून काढलेला असण्याची शक्यता मोठी आहे, कारण एक्स्ट्रा-डिलक्सच्या यादीतून गेम जात-येत असतात.

मुदतही आहे आणि गेमही यादीत आहे, तरी कुलूप? मग मालकाच्या प्रोफाइलमध्ये जाऊन युजर्स अँड अकाउंट्स, अदर, रिस्टोअर लायसन्सेस चालवा. त्यानेही सुटलं नाही तर कन्सोल शेअरिंग अजून त्याच मशीनवर आहे का ते तपासा. मालकाने नवा कन्सोल घेऊन तिथे सहज ‘होय’ म्हटलेलं असतं आणि हक्क तिकडे सरकलेला असतो.

डीएलसी गेममध्ये दिसतच नसेल तर खात्याचा देश पाहा. दुबई किंवा न्यू जर्सीच्या नातेवाइकाने तिथल्या खात्यावर घेतलेला गेम इथल्या कन्सोलवर वाटून चालतो. पण त्याच गेमचं डीएलसी जोडीदाराने भारतीय खात्यातून घेतलं तर ते बहुधा जुळत नाही, कारण गेम आणि डीएलसी एकाच प्रदेशाचे लागतात. प्लेस्टेशन खात्याचा देश नंतर बदलता येत नाही. म्हणून परदेशातल्या खात्याच्या जिवावर वाटणी करणार असाल तर डीएलसीही त्याच खात्यातून घ्या.

दोघांनीही काहीतरी द्यायचं असेल तर

उलटसुलट वाटणी हा सगळ्यात फायद्याचा प्रकार आहे. मालकाचा हक्क जोडीदाराच्या मशीनला आणि जोडीदाराचा हक्क मालकाच्या मशीनला. एकाने पीएस प्लस घ्यायचं, दुसऱ्याने वर्षभरात दोन-तीन मोठे गेम डिजिटल घ्यायचे, आणि दोघांना सगळं मिळतं. फक्त दोन्ही घरी नेट भरवशाचं हवं, कारण आता दोघंही आपापल्या खरेदीसाठी नेटवर अवलंबून असतात. मालकाच्या घरातल्या बहिणीला या मांडणीत जोडीदाराने घेतलेले गेम मिळतात, पण फुकट गेम सोडले तर ऑनलाइन खेळता येत नाही. पीएस प्लसचा हक्क दुसऱ्या घरी आहे ना.

घरात जुना पीएस४ पडून असेल तर आणखी सोपा मार्ग आहे. एका खात्याला एक पीएस५ आणि त्याशिवाय एक प्रायमरी पीएस४, असे दोन वेगळे हक्क मिळतात. पीएस५ चा हक्क आपल्याच घरी ठेवा, आणि पीएस४ चुलत भावाकडे देऊन तिथे सेटिंग्ज, अकाउंट मॅनेजमेंटमधून ‘ॲक्टिव्हेट ॲज युअर प्रायमरी पीएस४’ करा. घरातल्या कोणाचंच बिघडत नाही. मात्र जानेवारी २०२६ पासून पीएस प्लसच्या नव्या गेमचा भर पीएस५ वर आहे, त्यामुळे पीएस४ वाल्याला नवं कमी आणि जुनं जास्त मिळेल.

नुसता एखादा गेम मित्राला दाखवायचा असेल तर हा सगळा खटाटोप करूच नका. पार्टी चॅटमधून शेअर प्ले सुरू करा. एका वेळी ६० मिनिटं मित्र आपल्या घरून तुमचा गेम चालवू शकतो, आणि वेळ संपली की पुन्हा सुरू करता येतं.

एक्सबॉक्स

सेटिंग्ज, जनरल, पर्सनलायझेशन, माय होम एक्सबॉक्स. जोडीदाराच्या कन्सोलवर मालकाने लॉगिन करून ‘मेक धिस माय होम एक्सबॉक्स’ दाबायचं, बाकी तर्क पीएस५ सारखाच. फरक दोन. इथे जुन्या आणि नव्या मशीनसाठी वेगळे हक्क नाहीत, एका खात्याला एकच होम एक्सबॉक्स. आणि १२ महिन्यांत तो जास्तीत जास्त पाच वेळा बदलता येतो, त्यामुळे या शनिवारी इकडे, पुढच्या शनिवारी तिकडे असा खेळ करू नका. गेम पास या मायक्रोसॉफ्टच्या सबस्क्रिप्शनची कन्सोलवरची लायब्ररी आणि ऑनलाइन खेळ वाटले जातात. क्लाउड गेमिंग आणि पीसीवरचे गेम मालकाकडेच राहतात.

२०२२ मध्ये मायक्रोसॉफ्टने आयर्लंड आणि कोलंबियात मालक अधिक चार जणांची ‘फ्रेंड्स अँड फॅमिली’ योजना चाचणीसाठी आणली होती. ऑक्टोबर २०२५ मध्ये गेम पासच्या पातळ्या इसेन्शियल, प्रीमियम आणि अल्टिमेट अशा नव्याने लावल्या गेल्या. जुन्या व्हिडिओतली नावं आता पडद्यावर सापडत नाहीत ती म्हणून.

निन्टेन्डो

वाटणीचा सरळ, अधिकृत मार्ग निन्टेन्डोनेच ठेवला आहे. त्यांच्या स्विच कन्सोलसाठीच्या ‘स्विच ऑनलाइन’ सबस्क्रिप्शनच्या फॅमिली सदस्यत्वात आठ खाती बसतात आणि प्रत्येकाचा कन्सोल वेगळा असला तरी चालतं. क्लाउड सेव्हही प्रत्येकाला वेगळं मिळतं. अमेरिकेत एकट्याचं वर्षाचं सदस्यत्व १९.९९ डॉलरला आणि फॅमिलीचं ३४.९९ डॉलरला, म्हणजे दोघं झाले तरी फॅमिलीच स्वस्त. तिकडे राहणाऱ्या मराठी घरांत मुलांकडे दोन स्विच असतील तर दुसरा विचारच करू नये. निन्टेन्डोच्या साइटवर खात्यात फॅमिली ग्रुप उघडा, मोठ्यांना ईमेलने आमंत्रण पाठवा, लहानांचं खातं तिथेच तयार करा.

गेम मात्र या सदस्यत्वात आपोआप वाटले जात नाहीत. त्यासाठी एप्रिल २०२५ पासून व्हर्च्युअल गेम कार्ड आहे. फॅमिली ग्रुपमधल्या एका माणसाला एका वेळी एक डिजिटल गेम १४ दिवसांसाठी उसना देता येतो, आणि देताना दोन्ही मशीन जवळ असावी लागतात. तेवढे दिवस देणाऱ्याला तो गेम खेळता येत नाही. मुदत संपली की तो आपोआप परत येतो, घेणाऱ्याचा सेव्ह त्याच्याकडेच राहतो.

वाटणी मोडताना

कन्सोल विकण्याआधी, दुरुस्तीला देण्याआधी किंवा जोडीदार गाव बदलणार असेल तेव्हा, त्या मशीनवर मालकाने बसून आधी कन्सोल शेअरिंग बंद करावं, मग प्रोफाइल काढावं. हाच क्रम ठेवा. मशीन हातातून गेलेलं असेल तर प्लेस्टेशनच्या साइटवर खात्याच्या डिव्हाइस मॅनेजमेंटमधून सगळी उपकरणं एकदम निष्क्रिय करता येतात, पण हे सहा महिन्यांतून एकदाच होतं. तुमच्या स्वतःच्या कन्सोलवर एखादा हक्क असेल तर तोही त्यात निघतो आणि नव्याने चालू करावा लागतो. त्यानंतर पासवर्ड बदला आणि सगळ्या उपकरणांवरून साइन आउट करा. नुसता पासवर्ड बदलून भागत नाही, कारण मशीनला दिलेला हक्क त्याने आपोआप निघत नाही.